दट्ब्लगी : एका लहान गावातील बँड आणि वेल्श भाषेतील तक्रारीची वाणी

१

भाषेचा इतिहास लिहिताना आपण सामान्यतः ज्या साधनांकडे वळतो ती मोठ्या ग्रंथांची व मोठ्या संस्थांची साधने असतात. धर्मग्रंथांची भाषांतरे, व्याकरणे, कोश, शासनाचे कायदे, शिक्षणखात्याचे अहवाल आणि दर दहा वर्षांनी होणारी शिरगणती यांच्या आधारे एखाद्या भाषेच्या उत्कर्षापकर्षाची कथा सिद्ध केली जाते. ही पद्धत सदोष आहे असे नाही. पण ती अपुरी आहे. भाषा किती लोक बोलतात हे तिच्यावरून कळते, त्या भाषेत काय काय बोलता येते हे कळत नाही. मातृभाषेत प्रार्थना करता येते, निवडणुकीचे भाषण करता येते, न्यायालयात साक्ष देता येते. परंतु तीत कंटाळा, चीड, कुचेष्टा, स्वतःविषयीची लाज आणि आपल्याच भाषाबंधूंविषयीचा राग हे सर्व मोकळेपणाने बोलता येते काय, हा प्रश्न शिरगणतीचा अधिकारी कधी विचारीत नाही.

प्रस्तुत लेखाचा विषय वरकरणी क्षुल्लक वाटण्याचा संभव आहे. वेल्सच्या पश्चिम किनाऱ्यावरील आबेरतैवी या सुमारे चार हजार वस्तीच्या गावात १९८२ साली शाळेत शिकणाऱ्या दोन मुलांनी एक रॉक बँड काढला. त्याचे नाव ‘दट्ब्लगी’. या वेल्श शब्दाचा अर्थ ‘विकसित होणे’ असा आहे. या बँडने सुमारे तेरा वर्षे, आणि पुढे खंड पडून पुन्हा काही वर्षे, जवळजवळ सर्वस्वी वेल्श भाषेत गीते रचली. त्यांच्या तबकड्यांचा खप मोठा नव्हता. तथापि वर उपस्थित केलेल्या प्रश्नाचे उत्तर शोधताना या बँडइतके उपयुक्त दुसरे साधन आधुनिक वेल्श भाषेच्या इतिहासात क्वचितच सापडेल, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. तेच मत पुढे क्रमाने मांडले आहे.

आरंभी एका संज्ञेचा खुलासा करणे अवश्य आहे. अशा प्रकारच्या संगीतास ‘इंडी रॉक’ म्हणतात. ‘इंडी’ हा ‘इंडिपेंडंट’ या विशेषणाचा बोलीतील संक्षेप होय. मोठ्या ध्वनिमुद्रण कंपन्यांच्या भांडवलावर व वितरणव्यवस्थेवर न विसंबता काढलेली तबकडी, एवढाच त्याचा मूळचा व्यापारी अर्थ. ब्रिटनमध्ये जानेवारी १९८० पासून अशा तबकड्यांच्या खपाची स्वतंत्र यादी प्रसिद्ध होऊ लागली, आणि त्या दशकाच्या अखेरीस हा व्यापारी शब्द एका संगीतशैलीचे नाव होऊन बसला. वेल्श भाषेतील संगीताच्या बाबतीत मात्र हा शब्द मूळच्या अर्थानेही खरा होता. कारण लंडनच्या मोठ्या कंपन्यांना सुमारे पाच लाख भाषिकांच्या बाजारपेठेत फारसे स्वारस्य असण्याचे कारणच नव्हते.

२

आबेरतैवी म्हणजे ‘तैवी नदीचे मुख’. इंग्रजी नकाशावर हेच गाव कार्डिगन या नावाने दाखविलेले असते. एकेकाळी हे बंदर होते. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात येथून उत्तर अमेरिकेकडे स्थलांतर करणाऱ्यांची जहाजे सुटत असत. पुढे नदीचे मुख गाळाने भरत गेले, १८८६ मध्ये आगगाडी आली, आणि १९६२ मध्ये त्या आगगाडीची प्रवासी वाहतूक बंद झाली. थोडक्यात, हे गाव मोठ्या रस्त्यापासून बाजूला पडलेले होते, आणि तेथील तरुणास शिक्षण किंवा नोकरी यांसाठी गाव सोडणे हाच स्वाभाविक मार्ग दिसे.

पण वेल्श वाङ्मयाच्या इतिहासात या गावाचे स्थान आद्य आहे. इ. स. ११७६ च्या नाताळात दक्षिण वेल्सचा अधिपती ऱ्हीस अप ग्रिफिद याने आपल्या आबेरतैवीच्या दुर्गात कवींची आणि वादकांची स्पर्धा भरविली. तिची दवंडी वर्षभर आधी वेल्स, इंग्लंड, स्कॉटलंड व आयर्लंड येथे पिटण्यात आली होती, आणि कवी व वादक या दोन्ही वर्गांतील विजेत्यांसाठी एकेक मानाचे आसन ठेवले होते, असा उल्लेख वेल्श बखरीत मिळतो. आज ‘ऐस्तेद्वोद’ या नावाने जो वेल्श साहित्य-संगीताचा राष्ट्रीय महोत्सव दरवर्षी भरतो, त्याची परंपरा या प्रसंगापासून सांगितली जाते. १९७६ मध्ये त्या प्रसंगास आठशे वर्षे झाली म्हणून राष्ट्रीय ऐस्तेद्वोद याच गावी भरले होते.

त्या वेळी दट्ब्लगीचा गीतकार व गायक डेव्हिड आर. एडवर्ड्स हा बारा वर्षांचा असावा. त्याचा जन्म १९६४ चा. त्याच्या भोवतीच्या जगात वेल्श ही घराची, शाळेची आणि चॅपेलची भाषा होती. परंतु गावाचा मध्ययुगीन दुर्ग मात्र मोडकळीस आलेला होता, आणि त्याच्या तटाला बाहेरून पोलादी टेकू द्यावे लागले होते. तो दुर्ग दुरुस्त होऊन लोकांस खुला झाला तो २०१५ मध्ये. गौरवशाली परंपरा आणि तिला लावलेले टेकू हे दृश्य ज्या मुलाने शाळेस जाता-येता पाहिले असेल, त्याच्या मनात परंपरेविषयी केवळ आदरच उत्पन्न होईल असे मानण्याचे कारण नाही. हे अनुमान आहे, पुरावा नव्हे. पण त्याच्या पुढील रचना पाहता ते सर्वस्वी निराधार वाटत नाही.

३

या बँडचे वेगळेपण समजण्यासाठी त्याच्या पूर्वीच्या वीस वर्षांचा आढावा घेतला पाहिजे. १९०१ च्या शिरगणतीत वेल्समधील शेकडा सुमारे ५० लोक वेल्श बोलत होते. हे प्रमाण १९५१ मध्ये २९, १९६१ मध्ये २६, १९७१ मध्ये २१ आणि १९८१ मध्ये १९ असे उतरत गेले. १९६१ च्या शिरगणतीचे आकडे प्रसिद्ध होण्यापूर्वीच, १३ फेब्रुवारी १९६२ रोजी, नाटककार व विचारवंत सॉन्डर्स लुइस यांनी बी. बी. सी. वरून ‘भाषेचे भवितव्य’ या विषयावर व्याख्यान दिले. हाच प्रवाह चालू राहिला तर एकविसाव्या शतकाच्या आरंभीच्या सुमारास वेल्श ही जिवंत भाषा उरणार नाही, असा इशारा त्यांनी दिला. त्याच वर्षी वेल्श भाषा समाजाची स्थापना झाली. सरकारी कागदपत्रे वेल्शमध्ये मिळावीत, रस्त्यांवरील पाट्या द्वैभाषिक असाव्यात, यांसाठी तरुणांनी सत्याग्रहासारखे लढे दिले व तुरुंगवास पत्करला. १९६७ मध्ये पहिला वेल्श भाषा कायदा झाला.

या चळवळीला स्वतःचे संगीतही होते. त्या काळचा सर्वांत लोकप्रिय गायक डॅविद इवान हा भाषा समाजाचा अग्रणी कार्यकर्ताही होता. १९६९ मध्ये त्याने व त्याच्या सहकाऱ्यांनी ‘सैन’ ही वेल्श ध्वनिमुद्रण संस्था काढली. तिची पहिली तबकडी पाण्याविषयी होती. लिव्हरपूल शहराला पाणी पुरविण्यासाठी १९६५ मध्ये ट्रवेरिनचे खोरे व त्यातील कापेल केलिन हे वेल्श भाषिक खेडे बुडविण्यात आले, त्याची जखम अद्याप ओली होती. १९६७ मध्ये विद्युत्-गिटारीवर वेल्श गीते गाणारा पहिला बँड निघाला होता, आणि १९७३ पासून वेल्श रॉक संगीताला मोठा श्रोतृवर्ग लाभू लागला. पण या संगीताचा मुख्य सूर अस्मितेचा होता. १९८३ चे डॅविद इवानचे ‘अजूनही येथेच’ या अर्थाचे गीत हे त्या सुराचे परिपक्व उदाहरण होय. २०२२ च्या जागतिक फुटबॉल स्पर्धेत वेल्सच्या संघाने तेच आपले गीत म्हणून स्वीकारले, यावरून त्या सुराचे सामर्थ्य ध्यानी येते.

चळवळीच्या या पर्वाचा मोठा विजय म्हणजे वेल्श दूरचित्रवाणी. सरकारने वेल्श वाहिनीचे आश्वासन मागे घेतले, तेव्हा १९८० मध्ये राष्ट्रीय पक्षाचे नेते ग्विन्व्हॉर एव्हन्स यांनी आमरण उपोषणाचा निर्धार जाहीर केला. सरकारने माघार घेतली आणि १ नोव्हेंबर १९८२ रोजी ‘एस-फोर-सी’ ही वाहिनी सुरू झाली. वेल्श भाषेला प्रथमच राजधानीत कार्यालये, वेतनश्रेणी आणि निर्मितीचा निधी मिळाला.

दट्ब्लगीचा जन्म याच वर्षाचा आहे. हा योगायोग खरा, पण अर्थपूर्ण योगायोग आहे. जी पिढी भाषेसाठी झगडली तिला जेव्हा भाषेची सत्ता मिळाली, तेव्हाच त्या सत्तेकडे बाजूच्या गावातून तिरप्या नजरेने पाहणारी पुढची पिढी तयार झाली.

४

बँडचा बाह्य इतिहास थोडक्यात सांगता येण्याजोगा आहे. १९८२ मध्ये एडवर्ड्स आणि त्याचा मित्र टी. विन डेव्हिस यांनी घरगुती साधनांवर ध्वनिमुद्रण करून ध्वनिफिती काढण्यास आरंभ केला. पहिल्या फितीचे नाव ‘शारीरिक शंका’ या अर्थाचे आहे. ध्वनिफितीचे महत्त्व येथे विसरून चालणार नाही. तबकडी काढण्यास कारखाना व भांडवल लागे. फीत घरच्या घरी एकावरून दुसरीवर उतरविता येई आणि टपालाने पाठविता येई. आपल्याकडील लघुनियतकालिकांच्या चळवळीत सायक्लोस्टाइल यंत्राने जे काम केले, तेच येथे फितीने केले. संपादकाची संमती, मंडळाची मान्यता आणि प्रकाशकाचा विश्वास या तिन्ही पायऱ्या तिने वगळल्या.

१९८४ मध्ये वादक पॅट्रिशिया मॉर्गन त्यांना येऊन मिळाल्या, आणि पुढे एडवर्ड्स व मॉर्गन ही जोडीच बँडचा कणा राहिली. स्वस्त कळफलकवाद्ये, यांत्रिक ताल, खरखरीत गिटार आणि त्यांवर निम्मे बोललेले, निम्मे गायिलेले शब्द, असे त्यांच्या संगीताचे स्थूल स्वरूप होते. उत्तर वेल्समधील ‘अन्ह्रेव्हन’ (अर्थ : बेबंदशाही) या पंक बँडच्या ऱ्हीस म्विन याने याच सुमारास त्याच नावाची छोटी ध्वनिमुद्रण संस्था चालविली होती. सैनच्या प्रस्थापित वर्तुळाबाहेरच्या बँडना तिने आसरा दिला, आणि दट्ब्लगीची पहिली दीर्घ तबकडी ‘अंडी’ या अर्थाच्या नावाने तिने १९८८ मध्ये काढली. दुसरी, ‘खांब’ या अर्थाची, १९९० मध्ये ॲन्गल्सी बेटावरील गॉर्वेल ओवेन यांच्या ‘ओव्हन’ (अर्थ : भय) या संस्थेने काढली. याच सुमारास डेव्हिस बँडमधून बाहेर पडला. तिसरी तबकडी ‘लिबर्टीनो’ १९९३ मध्ये ‘अंक्स्ट’ या संस्थेकडून निघाली. ही संस्था आबेरिस्ट्विथ येथील विद्यार्थ्यांनी १९८८ मध्ये स्थापन केलेली होती.

वेल्सबाहेर या बँडचे नाव पोचविण्याचे श्रेय बी. बी. सी. रेडिओ वनचा निवेदक जॉन पील (१९३९–२००४) यास द्यावे लागते. १९८७ ते १९९३ या काळात त्याच्या कार्यक्रमासाठी दट्ब्लगीने पाच वेळा ध्वनिमुद्रण केले. वेल्शचा एक शब्दही न समजणाऱ्या इंग्रज श्रोत्यांच्या घरांत रात्री ही भाषा ऐकू जाऊ लागली. अनुवाद नाही, प्रस्तावना नाही, लोककला म्हणून सादरीकरण नाही. इतर कोणत्याही बँडच्या ओळीत बसलेला हा एक बँड. अल्पसंख्य भाषेला ‘जपणुकीचा विषय’ म्हणून नव्हे, तर रात्रीच्या नभोवाणीवरील एक साधी वस्तू म्हणून ऐकले जाणे, ही त्या भाषेच्या सामाजिक इतिहासातील लक्षणीय घटना होय.

१९९५ नंतर बँड बराच काळ स्तब्ध झाला. एडवर्ड्सच्या आयुष्यात मद्याचे व मानसिक आजाराचे दीर्घ पर्व आले. त्याविषयी तो स्वतः उघडपणे बोलला व लिहिला आहे, आणि २००९ मध्ये त्याचे वेल्श आत्मकथन प्रसिद्ध झाले. २००८ पासून एडवर्ड्स व मॉर्गन यांनी पुन्हा ध्वनिमुद्रणे काढली; २०१५ आणि २०२० मध्ये दीर्घ संग्रह निघाले. जून २०२१ मध्ये एडवर्ड्स वयाच्या ५६ व्या वर्षी निवर्तला.

५

आता भाषेकडे वळू. वेल्श भाषेत एकाच भाषेचे दोन थर बऱ्याच अंतरावर उभे आहेत. १५८८ मध्ये विल्यम मॉर्गन यांनी केलेल्या बायबलच्या भाषांतराने ग्रांथिक वेल्श स्थिर केली. चॅपेलचे प्रवचन, छंदोबद्ध काव्य आणि ऐस्तेद्वोदचे व्यासपीठ यांनी ती जतन केली. बोलीतील वेल्श तिच्यापासून क्रियारूपे, सर्वनामे व शब्दसंग्रह या सर्वच बाबतींत दूर गेलेली आहे, आणि तीत इंग्रजी शब्द मोकळेपणाने वावरतात. चळवळीच्या काळात शुद्ध वेल्श बोलणे हे निष्ठेचे लक्षण ठरले, हे स्वाभाविक होते. पण त्याचा एक परिणाम असा झाला की, ज्याला पेटलेल्या मनाने भराभर बोलावयाचे आहे, त्याच्यापुढे दोनच मार्ग उरले : एक तर राग शुद्ध करून घ्यावा, नाही तर इंग्रजीत व्यक्त करावा.

एडवर्ड्सने तिसरा मार्ग काढला. त्याच्या गीतांच्या शीर्षकांतच ‘ॲस्पिरिन’ आणि ‘फॅन्झीन’ यांसारखे शब्द वेल्श शब्दांच्या शेजारी बिनदिक्कत बसलेले दिसतात. औषधाच्या बाटलीवरचा, दुकानाच्या पाटीवरचा, शाळेच्या आवारातला शब्द तो जसा असेल तसा उचलतो. पण म्हणून त्याची वेल्श ढिली नाही. ती ज्याला पूर्णपणे अवगत आहे अशा माणसानेच मुद्दाम विस्कटलेली आहे. तो काही काळ शाळेत शिक्षक होता, ही गोष्ट येथे ध्यानात ठेवावी.

दोन शीर्षकांचे व्याकरण तपासू. त्याच्या एका गीताचे नाव आहे ‘माझ्या पाठीवर एक देश’. वेल्शमध्ये पाठीला ‘केव्हन’ म्हणतात. पण ‘माझी’ या अर्थाचे ‘व’ हे सर्वनाम पुढे आले की शब्दाच्या आद्य ‘क’ चा अनुनासिक होऊन ‘व ङ्हेव्हन’ असे रूप होते. आपल्या वर्णमालेत एरवी स्वस्थ बसून असलेला ङ येथे शब्दारंभी कामास येतो. मराठीत विभक्तीचा विकार शब्दाच्या अंती होतो, ‘घर’चे ‘घरा-’ होते. वेल्शमध्ये अशा प्रकारचा विकार शब्दाच्या मुखालाच होतो. म्हणून कोशात ‘केव्हन’ शोधणाऱ्या परक्याला हे शीर्षक प्रथम उलगडतच नाही. देश हे ओझे आहे हा त्यातील आशय आहे. आणि ज्या भाषेत त्याची तक्रार केली, ती भाषा हा त्या ओझ्याचाच भाग आहे.

दुसरे शीर्षक ‘लिबर्टीनो’ या संग्रहातील. दूरचित्रवाणीवर दरवर्षी ‘वेल्ससाठी गीत’ ही स्पर्धा होते; तिचा आरंभ १९६९ चा. एडवर्ड्सने आपल्या गीतास ‘वेल्श लोकांसाठी गीत’ असे नाव दिले. मराठी अनुवादात हा फरक मोठा दिसतो. वेल्शमध्ये तो केवळ एका अंत्य अक्षराचा आहे, आणि तोही लेखनापुरता; कारण देशवाचक व लोकवाचक या दोन्ही शब्दांचा उच्चार ‘कम्री’ असा एकच आहे, आणि ‘साठी’ या अर्थाच्या ‘ई’ या शब्दानंतर दोहोंचेही ‘गम्री’ होते. ऐतिहासिक दृष्ट्या हे दोन शब्द एकच आहेत. दोहोंचे मूळ ‘समदेशीय लोक’ अशा अर्थाच्या प्राचीन ब्रिटॉनिक शब्दात असून लेखनातील भेद पुढे रूढ झाला. म्हणजे कानाने ऐकणाऱ्यास स्पर्धेचेच नाव ऐकू येते, आणि डोळ्याने वाचणाऱ्यास उपहास दिसतो. गीताचा रोख भाषेच्या नव्या नोकऱ्यांवर सुस्थित झालेल्या वेल्श मध्यमवर्गावर आहे. देश कोणाचा आणि लोक कोणते, हा प्रश्न येथे एका अक्षराच्या आधारे विचारला आहे. ही कोटी इंग्रजीत होऊच शकली नसती. ती वेल्श कानाला आणि वेल्श डोळ्याला एकाच वेळी उद्देशून केलेली आहे.

हाच या विवेचनाचा मध्यबिंदू होय. परकीय सत्तेविरुद्ध गाणाऱ्या कवीस आपली भाषा ढालीसारखी वापरता येते. शत्रू बाहेर असतो. स्वकीयांवर टीका करणाऱ्याचे तसे नसते. आपल्या भाषेचे भाषिक कमी होत असताना, त्याच भाषेत तिच्या रक्षणकर्त्यांची कुचेष्टा करणे म्हणजे पडत्या घरात भांडण काढणे, असा आक्षेप त्याच्यावर येऊ शकतो. हा आक्षेप वजनदार आहे. तो हसण्यावारी नेता येणार नाही. पण त्यास उत्तर असे की, ज्या घरात भांडता येत नाही, त्या घरातून तरुण माणसे बाहेर पडतात. रागाची भाषा इंग्रजी आणि आदराची भाषा वेल्श अशी वाटणी एकदा पक्की झाली, तर वेल्श ही श्राद्धपक्षाची भाषा होण्यास फार काळ लागत नाही.

६

तथापि या बँडला केवळ बंडखोरांचा मुकुट घालून मोकळे होणे इतिहासकारास शोभणार नाही. ज्या व्यवस्थेचा त्यांनी उपहास केला, तिच्यावर ते अनेक प्रकारे अवलंबून होते. एस-फोर-सी वाहिनीवर १९८८ ते १९९२ या काळात ‘फिडिओ ९’ हा तरुणांच्या संगीताचा कार्यक्रम चाले. दट्ब्लगीची दृश्यमुद्रणे त्यात झाली. वेल्श वाहिनी नसती, तर तिची कुचेष्टा करणाऱ्यांचे चित्रणही मागे उरले नसते. शाळेतून वेल्श शिकविली गेली नसती, तर ती शिकविण्यास एडवर्ड्सही नसता आणि त्याची कोटी समजणारा श्रोताही नसता. चळवळीने भाषेला संस्था दिल्या, आणि दट्ब्लगीने त्या संस्थांच्या भिंतींवर आपले शब्द लिहिले. दोहोंपैकी एकाचे कार्य दुसऱ्यावाचून पुरे होत नाही.

पुढच्या पिढीवर या बँडचा झालेला परिणाम मात्र निःसंशय आहे. अंक्स्ट संस्थेने नव्वदीच्या दशकात कार्मार्थनचा ‘गॉर्कीज झायगॉटिक मन्की’ आणि पुढे ‘सुपर फरी ॲनिमल्स’ हे बँड पुढे आणले. त्यांपैकी दुसऱ्या बँडने १९९६ पासून लंडनच्या एका संस्थेसाठी मुख्यतः इंग्रजीत गीते केली, आणि त्यावरून वेल्समध्ये बराच वाद झाला. ऐस्तेद्वोदमध्ये १९५० पासून केवळ वेल्शलाच स्थान असल्याने या वादास धारही होती. पण याच बँडने २००० साली ‘मूंग’ (अर्थ : आयाळ) हा पूर्णतः वेल्श संग्रह काढला, तेव्हा त्यात एकच गीत दुसऱ्याचे घेतले : दट्ब्लगीचे ‘भावना’ या अर्थाचे एक आरंभीचे गीत. हा संग्रह ब्रिटनच्या खपाच्या यादीत ११ व्या स्थानापर्यंत पोचला. वेल्श भाषेतील संग्रहाने तोवर असे स्थान मिळविले नव्हते. अशा रीतीने आबेरतैवीतील शाळकरी मुलांच्या फितींपासून निघालेला धागा ब्रिटनभरच्या दुकानांत पोचला. पण तो पोचविला दुसऱ्यांनी.

एडवर्ड्स स्वतः त्या यशाचा भागीदार झाला नाही. त्याने जी वाणी घडविली तिची किंमत त्याने स्वतःच्या आयुष्यात कितपत मोजली, हे ठरविण्याचा अधिकार आपणास नाही. आजार हा आजारच असतो, त्याचे काव्यशास्त्र करू नये. इतकेच म्हणता येईल की, पाच लाखांच्या भाषेत जो कठोर बोलतो त्यास गर्दीत लपता येत नाही. ज्यांच्यावर त्याने टीका केली ते त्याचे शिक्षक, सहकारी, शेजारी आणि श्रोतेही होते.

७

शेवटी आकड्यांकडे पुन्हा वळणे प्राप्त आहे. १९८१ नंतर वेल्श भाषिकांची घसरण काही काळ थांबली. २००१ मध्ये प्रमाण शेकडा २०.८ झाले, पण २०११ मध्ये १९.० आणि २०२१ मध्ये १७.८ असे ते पुन्हा उतरले. आबेरतैवी ज्या परगण्यात आहे त्या केरेडिगियनमध्ये २००१ साली शेकडा ५२ लोक वेल्श बोलत होते. २०२१ मध्ये हे प्रमाण ४५.३ झाले. म्हणजे दट्ब्लगीने भाषा वाचविली असे म्हणण्यास कोणताही आधार नाही. वेल्श शासनाने २०१७ मध्ये २०५० पर्यंत दहा लाख भाषिकांचे उद्दिष्ट जाहीर केले आहे. ते शाळा, धोरण व निधी यांच्यावर अवलंबून राहील, बँडवर नव्हे.

परंतु भाषा वाचविणे आणि भाषा वापरणे या दोन भिन्न क्रिया आहेत, आणि पहिलीच्या इतिहासात दुसरीचा इतिहास अनेकदा बुडून जातो. वाचविण्याच्या इतिहासात १९८२ हे वर्ष दूरचित्रवाणीच्या वाहिनीचे आहे. वापरण्याच्या इतिहासात तेच वर्ष दोन शाळकरी मुलांच्या एका ध्वनिफितीचेही आहे. पहिल्या घटनेची नोंद संसदेच्या कामकाजात सापडते. दुसरीची नोंद घ्यावयाची तर जुन्या फिती, खपाच्या लहानसहान याद्या, नभोवाणीच्या नोंदवह्या आणि शीर्षकांची अक्षरे यांच्याकडे जावे लागते. ही साधने लवकर नष्ट होणारी आहेत. फितीवरील लेप झडतो, आणि घरे रिकामी करताना अशा वस्तू प्रथम टाकून दिल्या जातात.

आपल्या विभागातील जे विद्यार्थी अल्पसंख्य भाषांचा किंवा मराठीच्या बोलींचा अभ्यास करीत आहेत, त्यांस या उदाहरणावरून एक सूचना करावीशी वाटते. २०११ च्या शिरगणतीनुसार मराठी भाषिकांची संख्या आठ कोटींहून अधिक आहे, तेव्हा वेल्शची चिंता जशीच्या तशी येथे आणण्याचे कारण नाही. पण कोणत्याही बोलीचे क्षेत्रकार्य करताना आपण लग्नगीते, ओव्या, म्हणी व कथा गोळा करतो आणि तेथेच थांबतो. त्या बोलीत आज तरुण मुले कोणाची टिंगल करतात, कोणत्या शब्दांनी कंटाळा व्यक्त करतात, आपल्याच वडीलधाऱ्यांविषयी काय बोलतात, आणि हे बोलताना त्या बोलीतच राहतात की दुसऱ्या भाषेत जातात, हेही टिपून ठेवले पाहिजे. ज्या ठिकाणी ती मुले दुसऱ्या भाषेत सरकतात, ते ठिकाण शिरगणतीच्या आकड्यात दिसण्याच्या कितीतरी आधी ऐकू येत असते.